दोन टोल्या आणि एक रोज

पवित्र भूमीची यात्रा करून आलेल्या एका कुटुंबाने गेल्या वर्षी मला चहाला बोलावले होते. यात्रेची छायाचित्रे पाहून झाल्यावर यजमानांनी एक मखमली डबी माझ्यापुढे उघडली. आत सोन्याच्या कोंदणात बसवलेले, करंगळीच्या नखाएवढे, काळपट आणि वेडेवाकडे असे एक नाणे होते. यरुशलेमच्या दुकानदाराने दिलेले प्रमाणपत्रही सोबत होते. "फादर, शुभवर्तमानातल्या विधवेने टाकले ना, तेच हे नाणे. आशीर्वाद द्या, म्हणजे हिच्या साखळीत घालतो." मी आशीर्वाद दिला. तेवढ्यात चहा आला. चहा आणून देणाऱ्या बाईने त्या महिन्यात दोन खाडे केले म्हणून तिचे दोन दिवसांचे पैसे कापल्याची गोष्टही, नोकरमाणसांविषयीच्या तक्रारी निघतात तशी, त्याच बैठकीत सहज निघाली. मी त्यावर काही बोललो नाही. चहा घेतला आणि परतलो.

ते नाणे खोटे होते असे मला म्हणायचे नाही. अशी नाणी त्या भूमीत इतकी विपुल सापडतात की खोटी पाडण्याचे कष्ट कोणी घ्यावेत? बहुतेक नाणी अलेक्झांडर यन्नय या यहुदी राजाची असतात. इसवी सनापूर्वी १०३ ते ७६ हा त्याचा काळ. एका बाजूला जहाजाचा नांगर, दुसऱ्या बाजूला तारा, आणि वजन जेमतेम एक-दीड ग्रॅम. प्रभू येशूच्या काळापर्यंत ती बाजारात झिजत फिरत होती. हा राजा महायाजकही होता. आपल्या ८०० विरोधकांना त्याने क्रुसावर चढवले आणि त्यांच्या डोळ्यांदेखत त्यांच्या बायकामुलांचे गळे चिरले, असे इतिहासकार जोसेफसने लिहून ठेवले आहे. त्या वेळी राजा मेजवानी झोडत बसला होता. दुकानदाराच्या प्रमाणपत्रावर अर्थातच यातले काही नसते.

तथापि माझे भांडण त्या कुटुंबाशी नाही, दुकानदाराशीही नाही. ते आम्हा प्रवचनकारांशी आहे, आणि आरोपींच्या यादीत माझे नाव पहिले लिहावे. शुभवर्तमानात जागोजागी नाणी खणखणतात. आम्ही त्या प्रत्येक नाण्याचे काही ना काही आध्यात्मिक प्रतीक करून टाकले आहे: दिनार म्हणजे स्वर्गीय कृपा, द्राख्मा म्हणजे हरवलेला आत्मा, तालांत म्हणजे देवाने दिलेले कलागुण. हे अर्थ खोटे आहेत असे नव्हे. त्यांतले कित्येक ख्रिस्तसभेच्या प्राचीन आचार्यांनी सांगितलेले आहेत. पण ज्या माणसांनी प्रभूच्या तोंडून हे शब्द प्रथम ऐकले, त्यांच्या कानांत ते प्रतीक म्हणून शिरले नाहीत. त्यांनी मनाशी आधी हिशेब केला. त्या हिशेबाचे एकक होते मजुराचा एक दिवस. तो हिशेब आम्ही प्रवचनातून पुसून टाकला, आणि त्याबरोबर मजुरीचा प्रश्नही मिस्सेतून बाहेर गेला.

दिनार हे रोमन चांदीचे नाणे, वजन पावणेचार ग्रॅमच्या आसपास. संत मत्तयाच्या विसाव्या अध्यायातील मळ्याच्या मालकाने मजुरांशी दिवसाचा एक दिनार ठरवला, हे आपण सर्वांनी ऐकले आहे. ही एक किल्ली हातात आली की बाकीची कुलुपे उघडू लागतात. पाच हजार लोकांना भाकरी द्यायला दोनशे दिनार लागतील असे शिष्य म्हणतात, म्हणजे एका मजुराची सात-आठ महिन्यांची कमाई. बेथानीच्या घरात प्रभूच्या मस्तकावर ओतलेले सुगंधी तेल तीनशे दिनारांचे, म्हणजे सणवार आणि शब्बाथ वगळता वर्षभराचे. चांगल्या शोमरोन्याने धर्मशाळेच्या मालकाच्या हातावर दोन दिनार ठेवले, म्हणजे अनोळखी जखमी माणसासाठी दोन दिवसांची मजुरी, आणि वर उधारीचे वचन. प्रकटीकरणाच्या सहाव्या अध्यायात दुष्काळाचा घोडेस्वार येतो तेव्हा दिनाराला जेमतेम लीटरभर गहू मिळू लागतात. एका माणसाच्या एका दिवसाच्या पोटाला एवढेच पुरायचे. बायकोमुलांनी काय खावे, हे तिथे लिहिलेले नाही; ऐकणाऱ्याला ते सांगावे लागत नसे.

आता आपल्या भाषांतरांकडे वळू. मराठी बायबलात दिनाराला कुठे 'रुपया' म्हटले आहे, कुठे 'दीनार', तर कुठे नुसते 'नाणे'. विधवेच्या नाण्यांना 'टोल्या' आणि 'दमडी' हे शब्द मिळाले. ज्यांनी हे शब्द योजले त्यांना मी दोष देणार नाही. त्यांच्या काळी रुपया चांदीचाच होता, दिनाराच्या तिप्पट वजनाचा, आणि दमडीने खरोखर काही विकत मिळत असे. पण रुपयाची चांदी गेली, दमडी म्हणींपुरती उरली, आणि टोली तर कोणत्याच घरात उरली नाही. धर्मशिक्षणाच्या वर्गात एका मुलाने मला विचारले होते, "फादर, टोल्या म्हणजे नाशिकच्या रस्त्यावर भरतात तो टोल का?" आम्ही सगळे हसलो. दिवसभर राबून एक रुपया घेणाऱ्या मजुराची गोष्ट ऐकून तोच मुलगा गप्प होता. शुभवर्तमानातले लोक आपल्यासारखे नव्हतेच, त्यांचे पैसेही आपल्यासारखे नव्हते, असे त्याने मनात ठरवून टाकले असावे. मोठी माणसेही तेच ठरवतात.

खरे तर ही नाणी आपल्याला परकी नव्हतीच. द्राख्मा या ग्रीक शब्दाचा संस्कृतात 'द्रम्म' झाला. ठाण्याच्या शिलाहार राजांच्या लेखांत तो आढळतो, आणि आपण रोज बोलतो तो 'दाम' त्याचाच वंशज. दिनार तर 'दीनार' या नावाने गुप्तकाळात भारतीय सोन्याच्या नाण्याचे नाव होऊन बसला. पहिल्या शतकात कोणा ग्रीक व्यापाऱ्याने लिहिलेल्या 'पेरिप्लस' या ग्रंथात रोमन सोन्याचांदीची नाणी भडोच बंदरात स्थानिक पैशाशी नफ्याने बदलली जात असल्याची नोंद आहे. त्याच ग्रंथात आपल्या खाडीपलीकडचे कल्याण 'कल्लिएना' या नावाने येते. एके काळी ती रीतसर बाजारपेठ होती आणि पुढे तिथे ग्रीक जहाजांची अडवणूक होऊ लागली, असे लेखक सांगतो. भिवंडीहून रिक्षाने अर्ध्या-पाऊण तासात जिथे जाता येते, त्या बंदराचे नाव प्रेषितांच्या हयातीतल्या किंवा त्यानंतरच्या लगतच्या काळातल्या दर्यावर्दी माणसाला ठाऊक होते. असो.

द्राक्षमळ्याच्या दाखल्यावर भिवंडीत प्रवचन करणे हे जोखमीचे काम आहे, कारण तो दाखला रोज सकाळी नाक्यावर उभा असतो. हातात थापी, फावडे किंवा रंगाचा ब्रश घेऊन माणसे सातपासून थांबलेली असतात. मुकादम येतो, बोटाने चार जण निवडतो, टेम्पो निघून जातो. अकरा वाजता जो उरतो त्याला आज कोणी नेणार नाही हे त्यालाही कळते. तरी तो लगेच घरी जात नाही, कारण घरी जाऊन काय सांगायचे? संत मत्तयाने हेच लिहिले आहे. दिवसभर रिकामे का उभे राहिलात, असे मालक विचारतो आणि आम्हाला कोणी कामावर लावले नाही, असे ते उत्तर देतात. आमच्या प्रवचनात मात्र हे 'रिकामे' लोक उशिरा धर्मांतर केलेले परराष्ट्रीय असतात, किंवा मृत्युशय्येवर पश्चात्ताप करणारे पापी. मालकाने शेवटच्याला एक दिनार का दिला? कारण एका दिनाराखाली घर चालत नाही. पाचला कामावर आलेल्याच्या मुलांनाही सकाळपासूनचीच भूक असते. आणि त्याने तो सूर्य मावळताना का दिला? कारण मजुराची मजुरी सकाळपर्यंत ठेवून घेऊ नये असे लेवीय सांगतो, आणि सूर्य मावळण्याआधी ती द्यावी असे अनुवाद सांगतो. दाखल्यातला मालक उदार आहे, पण त्याआधी तो नियमशास्त्र पाळणारा माणूस आहे.

इथले माग मीटरवर पैसे देतात. बारा तासांच्या पाळीत जितके कापड उतरले तितकी मजुरी. वीज गेली की ताणा थांबला, ताणा थांबला की मजुरी थांबली. १९८२ साली मुंबईच्या गिरण्यांत संप झाला आणि कापडाचे काम मोठ्या प्रमाणावर इकडे वळले, तेव्हा गिरणीतल्या कायम कामगाराचे हक्क मात्र कापडाबरोबर आले नाहीत. पुढे ८ नोव्हेंबर २०१६ च्या रात्री पाचशे आणि हजारच्या नोटा रद्द झाल्या, आणि ज्यांची सगळी मजुरी रोकडीत होती त्यांचे माग दिवसच्या दिवस बंद राहिले. कित्येक मालकही त्यानंतर बुडाले आणि भंगाराच्या भावाने माग विकून मोकळे झाले, हेही मला नाकारायचे नाही. पण आजारी पडल्यावर, बहिणीच्या लग्नाला किंवा गावाकडच्या घरावर पत्रे टाकायला घेतलेली 'उचल' फेडता फेडता ज्याची उमर जाते, त्याच्यापुढे मी शंभर दिनारांच्या कर्जदाराचा दाखला कसा सांगावा? दहा हजार तालांतांचे कर्ज माफ झालेल्या नोकराने शंभर दिनारांसाठी सोबत्याचा गळा धरला. त्या दोन रकमांतली तफावत सांगताना आम्ही शंभर दिनारांना 'क्षुल्लक' म्हणतो. सहा कोटी दिनारांपुढे ते क्षुल्लक आहेतच. पण गळा ज्याचा धरला होता त्याची ती तीन-चार महिन्यांची कमाई होती. प्रभू हे कर्ज लहान होते म्हणून माफ करायला सांगत नाही.

दहांपैकी एक द्राख्मा हरवलेल्या स्त्रीविषयीही थोडे बोलले पाहिजे. ती नाणी तिच्या लग्नाच्या शिरोभूषणातली होती म्हणून ती कासावीस झाली, असे आम्ही वर्षानुवर्षे रंगवून सांगत आलो. आपल्याकडे पुतळ्यांची माळ असते, त्यामुळे ते बायकांना पटतेही. लूकने असा एक शब्दही लिहिलेला नाही. एक द्राख्मा म्हणजे सुमारे एक दिनार. घरात दहा दिवसांची मजुरी होती आणि एका दिवसाची हरवली. तिने दिवा लावला, घर झाडले, सापडल्यावर शेजारणींना बोलावले. महिन्याच्या पंचवीस तारखेला पाचशेची नोट सापडत नसली की कोणत्याही चाळीतल्या घरात हेच घडते. त्यासाठी शिरोभूषणाची गरज नाही. ते आम्ही घातले, कारण पैशासाठी एवढी धडपड करणारी बाई आम्हाला पवित्र वाटेना.

आता विधवेकडे येतो. तिच्याविषयी मला कबुलीजबाब द्यायचा आहे.

वीसेक वर्षांपूर्वी मी दुसऱ्या एका धर्मग्रामात होतो. तिथे सभागृहाचे बांधकाम निधीअभावी अडले होते. मी मार्काच्या बाराव्या अध्यायावर प्रवचन केले, आणि प्रामाणिकपणे सांगतो, ते चांगले झाले. दोन लेप्तांचा हिशेबही मी मांडला होता. दोन लेप्ता म्हणजे एक रोमन क्वाद्रान्स. असे ६४ क्वाद्रान्स मिळून एक दिनार. बारा तासांच्या दिवसाचा चौसष्टावा भाग, सव्वाअकरा मिनिटांचे श्रम. आजच्या हिशेबाने, रोज ६४० रुपये धरला तर दहा रुपये. त्यात वडापावही येणार नाही. तेवढे तिने दिले, तुम्ही किती देणार? असा माझा प्रश्न होता. पुढच्या रविवारी मिस्सेनंतर एक म्हातारी पडवीत आली. तिने पदराची गाठ सोडली आणि निराधार योजनेचे त्या महिन्याचे सगळे पैसे माझ्या हातावर ठेवले. मी ते घेतले. इतकेच नव्हे, तर त्याच्या पुढच्या रविवारी वेदीवरून, तिचे नाव न घेता, तिची स्तुती केली. सभागृह पुरे झाले. दर्शनी भिंतीवरच्या संगमरवरी पाटीवर ठरावीक रकमेवरील देणगीदारांची नावे आहेत. तिचे नाव अर्थातच नाही. तो महिनाभर ती शेजाऱ्यांकडे जेवली, हे मला खूप नंतर कळले.

मार्काचा अध्याय आता उघडून पाहा. विधवेच्या प्रसंगाआधी लगेच काय आहे? लांब झगे घालून मिरवणाऱ्या, सभास्थानात मुख्य आसने शोधणाऱ्या आणि विधवांची घरे गिळणाऱ्या शास्त्र्यांविरुद्ध प्रभूचा कडक इशारा. लगेच नंतर काय आहे? शिष्य मंदिराच्या प्रचंड दगडांचे कौतुक करतात आणि प्रभू म्हणतो की यातला एकही दगड दुसऱ्यावर राहणार नाही. विधवांची घरे गिळणारे, मग सर्वस्व टाकणारी विधवा, मग कोसळणार असलेले मंदिर, ज्याच्यासाठी तिने ते टाकले. हा क्रम योगायोगाचा वाटतो का? अमेरिकेतील सल्पिशियन धर्मगुरू ॲडिसन राइट यांनी १९८२ साली 'कॅथलिक बिब्लिकल क्वार्टर्ली' या नियतकालिकात हा प्रश्न विचारला: प्रभूचे ते उद्गार स्तुती आहेत की विलाप? तिचे अनुकरण करा असे प्रभू कुठेही म्हणत नाही. उलट सातव्या अध्यायात, देवाला अर्पण केले असे म्हणून आईबापांना उपाशी ठेवणाऱ्यांचा त्याने निषेध केला आहे. जी व्यवस्था एका निराधार बाईला तिच्या उपजीविकेचा शेवटचा तुकडा मंदिरात टाकायला शिकवते, तिच्याकडे पाहून तो शिष्यांना जवळ बोलावतो. मी हा लेख सेमिनरीतच वाचला होता. त्यावर परीक्षेत उत्तर लिहून बरे गुणही मिळवले होते. प्रवचनपीठावर चढताना तो ग्रंथालयात ठेवून आलो.

यावर माझे काही धर्मगुरूबंधू म्हणतील की तू त्या विधवेचे औदार्य हिरावून घेतोस. तसे नाही. तिचे दान खरे होते, आणि त्या म्हातारीचेही. श्रीमंतांच्या राशीपेक्षा ते मोठे आहे, हे प्रभूने स्वतः सांगितले. तो शब्द मी कसा पुसणार? पण तिच्या अंतःकरणाचा मोठेपणा हे तिच्याकडून पैसे मागण्याचे साधन करणे, हा व्यवहार शास्त्र्यांचा होता आणि आम्ही तो जसाच्या तसा चालू ठेवला. मिस्सेच्या वाचनसंग्रहात ब वर्षाच्या सामान्य काळातील बत्तिसाव्या रविवारी हा उतारा येतो. तिथे पूर्ण वाचनाबरोबर एका छोट्या वाचनाची मुभाही दिली आहे, आणि छोट्या वाचनात शास्त्र्यांवरचे शब्द गळलेले आहेत. वेळ वाचावा म्हणून आपल्यापैकी किती जण छोटे वाचन घेतात, याचा प्रत्येकाने आपल्याशी विचार करावा. मीही घेतले आहे.

मंदिराच्या पैशाविषयी आणखी एक गोष्ट सांगतो, कारण ती फारशी सांगितली जात नाही. प्रत्येक यहुदी पुरुषाला वर्षाला अर्धा शेकेल मंदिरकर द्यावा लागे, म्हणजे सुमारे दोन दिवसांची मजुरी. गरिबाला कमी नाही, श्रीमंताला जास्त नाही. तो भरायचा सोर नगरीच्या चांदीत. त्या नाण्यावर मेलकार्त या सोरच्या देवाचे मस्तक असे आणि मागे गरुड. ज्या मंदिरात कोरीव मूर्तीची सावली चालत नव्हती, त्याच्या तिजोरीला मूर्तीचे नाणे चालत होते, कारण चांदी शुद्ध होती. सराफांची मेजे अंगणात होती ती याच अदलाबदलीसाठी. यहुदाला मिळालेली तीस नाणीही बहुधा हीच असावीत. गुलामाला बैलाने मारले तर मालकाला द्यायची किंमत निर्गम ग्रंथाने तीस शेकेलच ठरवली होती. यहुदाने ती परत फेकली तेव्हा रक्ताचे मोल म्हणून भांडारात टाकायला याजक कचरले. भांडारातून काढताना त्यांना तसे काही वाटल्याचे मत्तय लिहीत नाही.

कैसराच्या नाण्याचीही अशीच गत आम्ही केली आहे. कर भरावा, राजकारण आणि धर्म वेगळे ठेवावेत, एवढाच बोध त्यातून काढला जातो. प्रभूने नाणे मागून घेतले; त्याच्या स्वतःजवळ ते नव्हते, विचारणाऱ्यांजवळ मात्र लगेच निघाले. ते तिबेरिअसचे दिनार असावे असे सामान्यतः मानतात. त्यावर कैसराचा मुखवटा आणि 'दिव्य ऑगस्टसचा पुत्र' असा लेख असे, मागे 'महायाजक' ही पदवी. मुखवटा आणि लेख यांचे महत्त्व आपल्याला कळायला रोमला जायला नको. नाशिकजवळ जोगळटेंभी येथे १९०६ साली चांदीच्या १३,००० हून अधिक नाण्यांचा साठा सापडला. नाणी क्षत्रप नहपानाची, त्याच्या चेहऱ्याची, त्यावर ग्रीक अक्षरेसुद्धा. त्यांपैकी ९,००० हून अधिक नाण्यांवर गौतमीपुत्र सातकर्णीने नहपानाच्या चेहऱ्यावरच आपली चिन्हे ठोकली होती. यहुदी बंडखोरांनीही १३२ ते १३५ या काळात रोमन नाण्यांवर असेच आपले ठसे उमटवले. ज्याचा ठसा त्याची मालकी, हे नाशिकच्या सोनारालाही कळत होते आणि यरुशलेमच्या शास्त्र्यालाही. म्हणून कार्थेजचा तेर्तुल्यान इसवी सन २०० च्या सुमारास लिहितो की नाण्यावर कैसराची प्रतिमा आहे ते कैसराला द्या आणि माणसावर देवाची प्रतिमा आहे तो देवाला द्या. आमच्या प्रवचनात या वाक्याचा पूर्वार्ध पोचला. उत्तरार्धातला माणूस म्हणजे नाक्यावर उभा असलेला, मागाच्या धुरळ्यात खोकणारा, गोदामात पोती उचलणारा माणूस, हे सांगायचे राहून गेले. त्याच्यावर ठसा देवाचा असेल तर त्याच्या दिवसाचे दाम ठरवताना बाजारभाव हे एकच माप कसे चालेल?

"फादर, वेदीवरून अर्थशास्त्र नको," हे मी ऐकले आहे, आणि पुढेही ऐकेन. तेराव्या लिओ पोपमहोदयांनी १८९१ साली 'रेरुम नोव्हारुम' लिहिले तेव्हा त्यांनाही ते ऐकावे लागले असणार. १९८१ साली दुसऱ्या जॉन पॉल यांनी 'लाबोरेम एक्झर्सेन्स'मध्ये लिहिले की एखादी समाजव्यवस्था न्याय्य आहे की नाही, याची कसोटी न्याय्य वेतनात दिसते. मजुराची मजुरी दाबणे हे स्वर्गाकडे आक्रोश करणाऱ्या पापांपैकी एक, असे कॅथलिक धर्मशिक्षणग्रंथ सांगतो, खुनाच्याच यादीत. संत याकोबाच्या पत्रात तर ती अडवून ठेवलेली मजुरीच ओरडते.

आणि विणकरांच्या या गावाला एक गोष्ट मी मुद्दाम सांगू इच्छितो. नाशिकच्या लेण्यांत, इसवी सनाच्या पहिल्या-दुसऱ्या शतकातला, नहपानाचा जावई उषवदात याचा लेख आहे. त्याने बौद्ध भिक्षूंच्या वस्त्रांसाठी ३,००० कार्षापणांचा कायमचा निधी दिला. तो कुठे ठेवला? गोवर्धन येथील विणकरांच्या श्रेणींकडे, एकीकडे २,००० आणि दुसरीकडे १,०००, दरमहा व्याजाने. मुद्दल कधी परत घ्यायचे नाही, व्याजावर भिक्षूंनी वस्त्रे घ्यायची. धर्माचा पैसा ठेवायला राजाच्या जावयाला विणकर सर्वांत भरवशाचे वाटले! आज विणकराकडे ठेव कोण ठेवतो? त्याच्या नावावर असते ती उचल.

परंतु मालकांवर बोट रोखून मी थांबलो तर ते शास्त्र्यांचेच काम होईल. मी आजवर ज्या ज्या धर्मग्रामांत राहिलो, तिथल्या हिशेबवह्या मी पाहिल्या आहेत. वेदीची तयारी करणारा सेवेकरी, धर्मगुरूंच्या घरची स्वयंपाकीण, रात्रीचा रखवालदार, कबर खणणारा माणूस: यांचे पगार 'इतर खर्च' या सदरात असतात आणि वर्षानुवर्षे तेवढेच राहतात. सणाच्या मंडपाचा, रोषणाईचा आणि बँडचा खर्च मात्र स्वतंत्र रकान्यात असतो आणि दरवर्षी वाढतो. समितीत विषय काढला की निधी नाही असे उत्तर येते. तो निधी उभा करायला मग आम्ही विधवेला बोलावतो.

म्हणून माझी मागणी अगदी रोकडी आहे. वार्षिक हिशेबाच्या दिवशी प्रत्येक धर्मग्रामाने आपल्या नोकरांचे पगार, त्यांचे तास आणि सुट्ट्या, सर्वांसमोर वाचून दाखवाव्यात. त्या आकड्यांखाली तालुक्यातला मजुरीचा चालू दर लिहावा. बांधकामाच्या निधीसाठी मार्काचा बारावा अध्याय वापरणे धर्मगुरूंनी बंद करावे, आणि बत्तिसाव्या रविवारी पूर्ण वाचन घ्यावे. ज्या घरांत कामाला बाई येते, त्यांनी तिच्या महिन्याला तीस दिवसांनी भागून पाहावे आणि त्या आकड्यात स्वतःचे घर एक दिवस चालते का, ते ठरवावे. आजारपणाचे खाडे कापणे आजपासून थांबवावे.

त्या मखमली डबीच्या घरी मी या उपवासकाळात पुन्हा गेलो. नाणे साखळीत होते. चहा घेऊन बाई आली तेव्हा मी यजमानांना, जरा अडखळतच, त्या दोन खाड्यांविषयी विचारले. ती त्या दिवसांत मुलाला घेऊन सरकारी दवाखान्यात बसली होती, असे बाईनेच दारातून सांगितले. यजमानांना ते ठाऊक नव्हते. मलाही नव्हते, कारण तेव्हा मी विचारले नव्हते. चहा निवला. ते पैसे तिला मिळाले की नाही, हे मी पुढच्या महिन्यात जाऊन विचारणार आहे.